अपीलदार गैरहजर

दिवाणी अपील दोन तऱ्हांनी हरता येतं. एका तऱ्हेत न्यायाधीश दोन्ही बाजूंचं म्हणणं ऐकतात, पुरावा वाचतात आणि खालच्या कोर्टाचा हुकूमनामा कायम करतात. दुसऱ्या तऱ्हेत कोणीच काही ऐकत नाही. बोर्डावर नंबर येतो, पट्टेवाला व्हरांड्यात येऊन अपीलदाराच्या नावाचा पुकारा करतो, बाकावरून कोणी उठत नाही. दुपारच्या सुट्टीनंतर पुन्हा पुकारा होतो, तेव्हाही नाही. मग रोजनाम्यात दोन ओळी पडतात: अपीलदार व त्यांचे वकील वारंवार पुकारूनही गैरहजर, सबब अपील काढून टाकण्यात येते. हे पुस्तक त्या दोन ओळींविषयी आहे.

कायद्याच्या क्रमिक पुस्तकांत या विषयाला दोन-तीन पानं मिळतात. रायगडच्या किनाऱ्यावर, उरणपासून श्रीवर्धनपर्यंत, वाडी-खाजणाच्या भांडणात पिढ्या घालवलेल्या घरांना तेवढ्याने भागत नाही. म्हणून हा विषय इथे जमिनीच्या बाजूने मांडला आहे.

पुस्तकाचं म्हणणं आधीच सांगून टाकतो. ज्याने अपील केलं त्याला तारीख माहीत असणारच, असं कायदा धरून चालतो. या किनाऱ्यावर मात्र अपिलावर ज्याचं नाव असतं तो एक, कोर्टाच्या खेपा घालतो तो दुसरा आणि जमिनीवर राहतो तो तिसरा, असंच बहुधा असतं. काढून टाकलेल्या अपिलांमागे आळस असतो, कधी लबाडीही असते. पण मोठं कारण हे की या तिघांपैकी प्रत्येकाला वाटतं, दुसरा बघतोय.

आधी कायदा काय सांगतो ते पाहू. दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ ची. तिच्या आदेश ४१ मध्ये अपिलाचा सगळा संसार आहे. नियम १७ म्हणतो की सुनावणीच्या दिवशी अपीलदार हजर नसेल तर कोर्टाला अपील काढून टाकता येईल. ‘येईल’ म्हणजे टाकलंच पाहिजे असं नाही. न्यायाधीश पुढची तारीखही देऊ शकतात आणि अनेकदा देतात. १९७६ च्या दुरुस्तीने याच नियमाला एक स्पष्टीकरण जोडलं: अपीलदार गैरहजर असताना अपील गुणदोषांवर फेटाळता येणार नाही. त्याआधी काही न्यायालयं कागद चाळून ‘अपिलात तथ्य नाही’ असा निकाल देत. तो दरवाजा बंद झाला. १९९६ मध्ये अब्दुर रहमान विरुद्ध अथिफा बेगम या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हेच ठणकावून सांगितलं: गैरहजेरीसाठी काढायचं तर तेवढ्यासाठीच काढा.

उत्तरवादी गैरहजर असेल तर चित्र पालटतं. तेव्हा अपील एकतर्फी चालतं, पण चालतं. कोर्टाला खालचा निकाल वाचावा लागतो, अपीलदाराचं म्हणणं तपासावं लागतं आणि उत्तरवादी न येताही अपील फेटाळलं जाऊ शकतं. ज्याच्या हातात हुकूमनामा आहे त्याच्या गैरहजेरीला कायदा थोडं सांभाळून घेतो. ज्याने कोर्टाचं दार ठोठावलं त्याच्या गैरहजेरीला नाही.

हाच भेद मुदतीतही आहे. काढून टाकलेलं अपील पुन्हा दाखल करून घ्या, असा अर्ज नियम १९ खाली करता येतो. त्याला मुदत ३० दिवसांची, आणि १९६३ च्या मुदतीच्या कायद्यातल्या अनुच्छेद १२२ प्रमाणे ती मोजायची अपील काढून टाकल्याच्या तारखेपासून. एकतर्फी ऐकलेलं अपील पुन्हा ऐका, असा उत्तरवादीचा अर्ज अनुच्छेद १२३ खाली येतो. मुदत त्यालाही ३० दिवसांचीच, पण नोटीस रीतसर बजावलेली नसेल तर ते दिवस त्याला निकाल कळल्यापासून धरतात. अपीलदाराला अशी सवलत नाही. कळलं केव्हा, हा प्रश्न त्याच्या बाबतीत मुदत मोजताना उद्भवतच नाही. उद्भवतो तो पुढे, कलम ५ खाली विलंब माफीच्या अर्जात, आणि तिथे त्याला एकेक महिन्याचा हिशेब द्यावा लागतो.

आता किनाऱ्याकडे वळू. आजचा रायगड म्हणजे १९८१ पर्यंतचा कुलाबा. अलिबागचं आंग्र्यांचं संस्थान १८४० मध्ये इंग्रजांनी खालसा केलं. मुरूड-जंजिरा मात्र सिद्दीच्या नवाबाकडे १९४८ पर्यंत राहिलं. त्यामुळे एकाच किनाऱ्यावर जमिनीच्या नोंदींच्या दोन परंपरा आल्या. त्यावर खोती. खोत आणि कूळ यांच्या तंट्याने या भागाचं राजकारणही घडवलं. अलिबाग तालुक्यातल्या चरीचा शेतकरी संप १९३३ मध्ये नारायण नागू पाटलांच्या पुढाकाराने सुरू झाला आणि सहा वर्षं टिकला. पुढे १९४८ चा कूळ कायदा आला, १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन ठरला, कसणाऱ्याच्या नावावर जमीन चढू लागली. त्याबरोबर दिवाणी कोर्टाच्या कामात एक वळसा आला. दाव्यात कोणी ‘मी कूळ आहे’ असं म्हटलं की तो मुद्दा कलम ८५-अ प्रमाणे तहसीलदाराकडे पाठवावा लागतो. तहसीलदार, मग प्रांत, मग महसूल न्यायाधिकरण, असा प्रवास करून तो मुद्दा परत येईपर्यंत मूळ दावा थांबलेला. दाव्याची आठवण असलेली माणसं तेवढ्यात म्हातारी होतात.

जमिनींचे प्रकारही तसेच. नागाव, चौल, रेवदंड्याकडे नारळी-पोफळीच्या वाड्या. गुंठ्यांत मोजायच्या, विहीर सामाईक, पाण्याची पाळी ठरलेली, आणि मागच्या घराला जायची वाट पुढच्याच्या अंगणातून. पेण, अलिबाग, उरणकडे खारभूमी. समुद्राचं पाणी बांधाने अडवलं तर भात, बांधाला खांड गेली तर चिखल. एखाद्या खाजणाचा दावा खालच्या कोर्टात चालू असताना तिथे भात पिकत असतो. अपील बोर्डावर येईपर्यंत बांध फुटलेला, खारं पाणी आत आलेलं आणि वर कांदळवन उभं राहिलेलं. मुंबई उच्च न्यायालयाच्या २००५ च्या आदेशानंतर त्या झाडांना हात लावता येत नाही. भांडण ज्यासाठी होतं ते पीकच उरलं नाही, मग तारखेला जायचं कशाला, असा विचार माणूस करतो. पण हुकूमनामा पिकाचा नसतो, मालकीचा असतो.

आणि माणसं? ती मुंबईत. गिरणगावात, गिरगावात, नंतर डोंबिवली-बदलापूरकडे. गावात एक भाऊ घर धरून राहतो, बाकीचे गणपतीला आणि होळीला येतात. बहिणी लग्न होऊन गेलेल्या. त्यांची नावं सातबाऱ्यावर वारस म्हणून लागलेली असतात, किंवा हक्कसोड पत्रावर सही घेऊन उतरवलेली. हिंदू वारसा कायद्याच्या २००५ च्या दुरुस्तीने मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतकाच हिस्सा मिळाला आणि २०२० मध्ये विनीता शर्मा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो हक्क जन्मापासूनचा असल्याचं स्पष्ट केलं. तेव्हापासून वाटपाच्या दाव्यांत बहिणीचं नाव अपीलदार क्रमांक तीन किंवा चार म्हणून दिसतं. वकीलपत्रावर तिची सही असते. तारीख तिला भाऊ सांगेल तेव्हा कळते.

अशा एका वाटपाच्या अपिलाची कल्पना करा. चार अपीलदार, खेपा घालणारा थोरला. श्रीवर्धनच्या दाव्याचं अपील माणगावच्या जिल्हा न्यायालयात, मुरूडचं अलिबागला, उरणचं पनवेलला. म्हणजे सकाळची पहिली एसटी. मुंबईकराला यायचं तर पावसाळ्यात गेटवे-मांडवा लाँच बंद असते. थोरला वारतो. तेराव्याला सगळे जमतात, दागिन्यांची बोलणी होतात, घराच्या कौलांची होतात. अपिलाची गोष्ट कोणी काढत नाही, कारण फाईल थोरल्याच्या ट्रंकेत असते. कायद्याचं घड्याळ मात्र तो वारला त्याच दिवशी सुरू झालेलं असतं. वारस लावायला ९० दिवस. ते गेले की त्याच्यापुरतं अपील आपोआप संपतं; त्यासाठी न्यायाधीशांनी हुकूम करायचीही गरज नाही. नंतरच्या ६० दिवसांत ते संपणं रद्द करून मागता येतं. वाटपाच्या दाव्यात प्रत्येक हिस्सेदार आवश्यक पक्षकार असल्यामुळे एकाचे वारस राहिले तर अख्खं अपील कोसळण्याचा धोका असतो. पक्षकार वारल्याचं कळलं तर ते कोर्टाला कळवण्याचं कर्तव्य १९७६ पासून वकिलावर आहे. पण वकिलाला कळवायचं कोणी, याचं उत्तर कायद्यात नाही, घरात आहे.

अपील गेलं की त्याच्या आधारावर मिळालेली स्थगिती जाते. नुसतं अपील दाखल केल्याने हुकूमनामा थांबत नाही, स्थगिती वेगळी मागावी लागते, हेही अनेकांना ठाऊक नसतं. स्थगिती उठली की समोरचा दरखास्त पुढे रेटतो. हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीला बारा वर्षांची मुदत असते, तेव्हा घाई नसली तरी चालतं. तलाठ्याकडे फेरफाराची नोंद पडते, मंडळ अधिकारी ती प्रमाणित करतात. गावातल्या भावाला अपील गेल्याचं कळतं ते बहुतेक वेळा सातबारा काढायला गेल्यावर.

गैरहजेरीने अपील गेलं म्हणजे निकाल आपल्याविरुद्ध लागला नाही, अशी एक समजूत लोकांत आहे. ती अर्धी खरी आहे. असा हुकूम म्हणजे हुकूमनामा नव्हे, संहितेच्या व्याख्येतच तो वगळला आहे. म्हणून त्यावर थेट दुसरं अपील होत नाही. पण त्यामुळे खालचा निकाल हलका होत नाही. शिवदान सिंह विरुद्ध दर्याव कुंवर या १९६६ च्या निकालात एक अपील मुदतबाह्य म्हणून आणि एक कागदपत्रांच्या छपाईची तजवीज न केल्यामुळे उच्च न्यायालयात फेटाळलं गेलं होतं. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, खालच्या कोर्टाचा निर्णय त्यामुळे अंतिम झाला आणि तोच वाद पुन्हा काढता येणार नाही. उलट बाजूला एक गंमत आहे: उत्तरवादीने प्रतिआक्षेप दाखल केले असतील तर मूळ अपील गैरहजेरीत गेलं तरी ते आक्षेप ऐकले जाऊ शकतात. अपीलदाराने पाठ फिरवली तरी त्याच्यामुळे उघडलेलं प्रकरण त्याच्याविरुद्ध चालू राहू शकतं.

या जिल्ह्याच्या इतिहासात शेवटपर्यंत लढवलेलं एक अपील आहे, आणि त्याच्याशी तुलना केल्याशिवाय गैरहजेरीची किंमत कळत नाही. २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी महाडच्या चवदार तळ्याचं पाणी प्याल्यानंतर डिसेंबरमध्ये सवर्णांपैकी काहींनी महाडच्या दिवाणी कोर्टात त्यांच्यावर आणि त्यांच्या सहकाऱ्यांवर दावा लावला. तळं सवर्णांच्या वहिवाटीचं आहे, अस्पृश्यांना तिथे हक्क नाही, हे म्हणणं. तात्पुरता मनाई हुकूमही मिळाला. दाव्याचा निकाल १९३१ मध्ये वादींविरुद्ध लागला. त्यांनी ठाण्याला अपील केलं. ते १९३३ मध्ये फेटाळलं गेलं. मग मुंबई उच्च न्यायालयात दुसरं अपील. १७ मार्च १९३७ रोजी न्यायमूर्ती ब्रूमफील्ड आणि वाडिया यांनी तेही फेटाळलं. हे ब्रूमफील्ड म्हणजे १९२२ मध्ये अहमदाबादला गांधीजींचा राजद्रोहाचा खटला चालवणारे. अनादि काळापासूनची म्हणून सांगितलेली वहिवाट वादींना सिद्ध करता आली नाही, असं त्यांनी लिहिलं.

दहा वर्षांच्या या लढाईत अपीलदार हरले, पण गैरहजर राहिले नाहीत. आणि उत्तरवादींनीही, गोलमेज परिषदांची धामधूम चालू असताना, बाजू सोडली नाही. समजा, वादींनी १९३३ नंतर कंटाळून नाद सोडला असता. ठाण्याचा निकाल कायम राहिला असता, तळ्यावरचा हक्कही टिकला असता. पण वहिवाटीच्या नावाखाली सार्वजनिक पाणी अडवता येतं का, या प्रश्नाला उच्च न्यायालयाचं उत्तर मिळालं नसतं आणि ते निकालपत्र लिहिलंच गेलं नसतं. वाडीतल्या वाटेचा प्रश्न लहान असेल, पण नियम तोच. अपील गैरहजेरीत गेलं की पक्षकाराची जमीन जाते आणि कोर्टाकडून मिळू शकलं असतं ते उत्तरही जातं. शेजारच्या वाडीला पुढच्या पिढीत तेच भांडण पहिल्यापासून सुरू करावं लागतं.

चूक वकिलाची असेल तर? १९८१ च्या रफिक विरुद्ध मुन्शीलाल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने अपीलदाराच्या बाजूने कौल दिला: खेड्यातला माणूस वकील नेमतो, फी देतो आणि विश्वासाने घरी राहतो, वकील आला नाही म्हणून त्याने का सोसावं? हा निकाल आजही प्रत्येक अर्जात लिहिला जातो. त्याच्या शेजारी १९९३ चा सलिल दत्त प्रकरणातला निकाल मात्र कमी जण ठेवतात. तिथे पक्षकार कलकत्त्याची कंपनी होती, कोर्टाच्या गावातच राहणारी, कायद्याची जाण असलेली. वकिलाने सांगितलं म्हणून आलो नाही, हे तिचं म्हणणं न्यायालयाने मानलं नाही. दोन्ही एकत्र वाचले की कोर्ट काय पाहतं ते उमजतं: पक्षकार कोण, कुठे राहतो, आणि त्याने स्वतः विचारपूस केली होती का. १९८७ च्या कातिजी प्रकरणाने विलंबाच्या अर्जांकडे सढळ हाताने पाहा असं सांगितलं. पण सढळ हात रिकाम्या अर्जासाठी नसतो.

त्यातच किनाऱ्यावर एक नवा प्रकार दिसू लागला आहे. मार्च २०२० मध्ये भाऊच्या धक्क्यावरून मांडव्याला रो-रो सुरू झाली, १२ जानेवारी २०२४ रोजी अटल सेतूचं उद्घाटन झालं. गुंठ्याचे भाव कुठच्या कुठे गेले. आणि वर्षानुवर्षं विस्मरणात गेलेल्या अपिलांची आठवण येऊ लागली. विलंब माफीच्या अर्जात आजारपण लिहिलेलं असतं, वकिलांचा मृत्यू लिहिलेला असतो. जमिनीच्या वाढलेल्या भावाचा उल्लेख नसतो. न्यायाधीशांना तो वाचता येतो. ज्यांचं कारण खरं आहे त्यांनाही मग जास्त कसून पुरावा द्यावा लागतो. म्हणून वैद्यकीय कागद, एसटीची बंद पडलेली फेरी, मृत्यूचा दाखला, यांतलं जे असेल ते तारखांसह कसं मांडावं, याला पुस्तकात स्वतंत्र प्रकरण दिलं आहे.

दुसरं स्वतंत्र प्रकरण भूसंपादनाचं. उरण-पनवेलच्या गावांची जमीन १९७० नंतर नवी मुंबईसाठी गेली. जानेवारी १९८४ मध्ये जासई परिसरात त्या जमिनीच्या लढ्यात पाच जणांनी प्राण दिले. वाढीव मोबदल्यासाठी १८९४ च्या कायद्याच्या कलम १८ खाली जे संदर्भ अर्ज कोर्टात गेले, ते दिवाणी अपिलासारखे गैरहजेरीत काढून टाकता येत नाहीत. खजान सिंह विरुद्ध भारत सरकार या २००२ च्या निकालाप्रमाणे कोर्टाला तिथे निवाडा द्यावाच लागतो. पण त्या निवाड्यावर उच्च न्यायालयात केलेलं अपील पुन्हा सगळ्या नेहमीच्या नियमांखाली येतं. वरची पायरी खालच्यापेक्षा निसरडी, हे प्रकल्पग्रस्त कुटुंबांनी लक्षात ठेवावं.

समोरच्या माणसाची बाजूही पुस्तकात सोडलेली नाही. स्थगिती मिळवायची आणि अपील झोपवून ठेवायचं, हा खेळ कोर्टाच्या आवारात सगळ्यांना माहीत आहे. अशा अपिलात नियम १७ हे उत्तरवादीचं एकमेव औषध असतं. अपील काढून टाकणं क्रूर आहे असं सरसकट म्हणणाऱ्यांनी हुकूमनामा हातात घेऊन तारखांना बसणाऱ्याकडेही पाहावं. खरोखर चालवायचं नसेल तर पुरशिस देऊन अपील काढून घेता येतं. लोकअदालतीत तडजोड झाली तर कोर्ट फी परत मिळते आणि त्या निवाड्यावर पुढे अपील नसल्यामुळे भांडण तिथेच मिटतं. वकिलाचा खर्च झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे. स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना तिथे उत्पन्नाची अट नाही.

तारीख कळण्याची साधनं आता हातात आली आहेत. प्रत्येक प्रकरणाला सोळा अक्षरी सीएनआर क्रमांक असतो. ई-कोर्ट्सच्या ॲपवर तो टाकला की पुढची तारीख आणि मागचे हुकूम दिसतात. संदेशही येतो, पण नोंदवलेल्या नंबरवर. आणि तो नंबर कोणाचा, हे कुटुंबातल्या एकालाही सांगता येत नाही असं अनेकदा होतं. तीन माणसांचा प्रश्न फोनवरही तसाच शिल्लक राहतो. म्हणून वकीलपत्रावर सही करतानाच खेपा कोण घालणार, तो आजारी पडला तर कोण, आणि बहिणींना कोण कळवणार, हे ठरवून कागदावर लिहावं, असा या पुस्तकाचा आग्रह आहे.

कूळ कायद्याची महसुली अपिलं आणि फौजदारी प्रकरणं इथे घेतलेली नाहीत. त्यांचे नियम निराळे. बाकी प्रकरणं सुटी वाचली तरी चालतील. एक सूचना तेवढी करतो. वाचायला बसताना घरातली जुनी फाईल शेजारी घ्यावी. अपिलाचा नंबर काय, शेवटची तारीख कोणती होती आणि त्या तारखेला कोण गेलं होतं, या तीन प्रश्नांची उत्तरं तिच्यात सापडली नाहीत, तर पुस्तक बाजूला ठेवून आधी वकिलांना फोन करावा. पुस्तक नंतरही वाचता येईल, तीस दिवस परत मिळत नाहीत.